नंदा घरत आणि रुसलेले मामा

नंदा घरत माझ्या स्टुडिओत पहिल्यांदा आली ती पासपोर्ट साइजचा फोटो काढायला. फोटो काढला, प्रिंट कापून तिच्या हातात दिली. तिनं ती उजेडाला धरून नीट न्याहाळली आणि काउंटरवर परत ठेवली.

"दादा, हा नको. याच्या आधी एक काढलात ना, मी माशी हाकलत होते तेव्हा? तो द्या."

"अगं, तो चुकून निघाला," मी म्हटलं. "डोळे तिरळे, तोंड उघडं. हा बघ किती सोज्वळ आलाय. अर्जाला हाच शोभेल."

"तेच ना. हा लावला तर नोकरी लागेल."

"मग?"

"तीच भीती हाय."

आज टीव्हीवरच्या एका विनोदी कार्यक्रमाच्या शेवटी तिचं नाव निर्माती म्हणून एकटंच, ठळक अक्षरांत येतं. ते वाचून लोक मला विचारतात, ही तुमच्याच स्टुडिओत होती ना? तुम्हीच शिकवलंत ना तिला? मी मान हलवतो. मान कोणत्या दिशेनं हलवली हे विचारणाऱ्याला नीट कळू नये, एवढी काळजी मात्र घेतो.

रेवदंड्याच्या बाजारपेठेत माझा फोटोचा धंदा. लग्नं, मुंजी, साखरपुडे, झालंच तर शाळांचे ग्रुप फोटो. नंदा मूळची उरणकडची. आजोबांची मिठागरं होती; वडिलांच्या काळात मिठाच्या जागी बंदर आलं आणि वडील, दत्ताशेठ घरत, न्हावा शेव्याला कंटेनर वाहणारे ट्रेलर चालवू लागले. आधी एक, मग चार. माणूस दिलदार, आवाज ट्रेलरच्या हॉर्नसारखा, आणि मुलीसाठी स्वप्न एकच: तिनं बंदरावरच्या एखाद्या मोठ्या कंपनीत, एसीत, खुर्चीवर बसावं. स्वतःचं सगळं आयुष्य स्टिअरिंगमागे घामात गेलेल्या माणसाला एसी म्हणजे काय वाटतं, ते आपण समजू शकतो. नंदाला समजत नव्हतं.

बी.कॉम. झाल्यावर वर्षभर ती वडिलांच्याच ऑफिसात फोनवर बसली. गाडी कुठं पोचली, का पोचली नाही, एवढंच विचारायचं काम. ड्रायव्हर जी कारणं सांगत ती तिनं एका वहीत उतरवून ठेवली होती. ती वही मी वाचली आहे. एका ड्रायव्हरला पळस्प्याच्या पुढे दोन तास उशीर झाला होता, कारण बॉनेटवर मोर येऊन बसला होता. 'राष्ट्रीय पक्षी हाय. हाकलला तर केस व्हते,' असं त्यानं सांगितलं होतं. दुसरा मध्येच थांबला होता, कारण गाडी इतकी हलकी लागत होती की मागे कंटेनर आहे की राहिला, हे त्याला उतरून बघायचं होतं. आणि एकानं नुसतं 'झोप लागली होती' असं सांगितलं होतं. त्याच्यापुढं नंदानं शेरा मारला होता: 'खरं बोलला. बाबांना पटलं नाही.'

बंदरावरच्या नोकरीवरून घरी वाजलं तेव्हा ती हवापालटाच्या नावाखाली रेवदंड्याला मावशीकडे आली. मावशीचं घर माझ्या स्टुडिओच्या मागच्या आळीत. अर्ज भरायचा म्हणून फोटो काढायला आली आणि दुसऱ्या दिवसापासून, कुणी बोलावलं नसताना, येऊन बसायला लागली. बुटकी, जाड भिंगांचा चष्मा, ओढणीच्या गाठीत फुटाणे. लग्नसराई होती, माझ्याकडे एडिटिंगचा ढीग पडला होता. मी तिला दोन दिवस कॉम्प्युटर शिकवला. तिसऱ्या दिवशी तिनं मला शिकवायला सुरुवात केली.

इथं माझ्या कलेबद्दल सांगायला हवं. माझ्या लग्नाच्या व्हिडिओत नवरी कमळातून उमलायची. नवरा ढगातून उतरायचा. दोघांच्या मधून एक बदाम फिरत जायचा आणि फुटून त्याच्या पाकळ्या व्हायच्या. अलिबागपासून मुरुडपर्यंत हे माझ्याइतकं सफाईनं करणारा दुसरा माणूस नव्हता.

नंदानं ते पाहिलं आणि विचारलं, "दादा, नवरीला कमळात कशाला बसवलीत?"

"शोभा येते."

"पण ती उठणार कशी? नऊवारी नेसली हाय, चिखल असेल खाली."

त्या दिवसापासून मला कमळ दिसलं की चिखल दिसतो. माझ्या कलेचं तिनं केलेलं हे पहिलं नुकसान.

दुसरं नुकसान माझ्या कात्रीचं. मी जे कापून टाकायचो ते तिला हवं असायचं. भटजींना शिंक आली, काप. वरमाय पिशवीत काहीतरी शोधतेय, काप. नंदा माझा हात धरायची. "एवढ्यात कापू नका. अजून दोन सेकंद." ती म्हणायची, माणूस शिंकतो ते काही विशेष नाही, शिंकून झाल्यावर कुणी पाहिलं का म्हणून जो इकडंतिकडं बघतो, तो खरा माणूस. आणि तो दोन सेकंदांनी येतो. गिऱ्हाईक व्हिडिओ बघायला आलं की ही आपली खुर्ची उलटी फिरवून टीव्हीकडे पाठ करून बसायची आणि गिऱ्हाइकाच्या तोंडाकडे टक लावून बघायची. दोघी-तिघी बायका त्यामुळे घाबरून उठून गेल्या.

माझ्याशी ती बऱ्यापैकी पुस्तकी बोलायची, पण चिडली किंवा खूश झाली की उरणची बोली बाहेर पडायची. त्यामुळे काम चाललंय की बिघडलंय हे मला बाहेर काउंटरवरही कळायचं.

आता मामांची गोष्ट.

चौलला एक लग्न होतं. नवऱ्या मुलाचे मामा, दामूमामा, एसटीतून कंट्रोलर म्हणून निवृत्त झालेले. पत्रिकेत त्यांचं नाव धाकट्या मामाच्या खाली छापलं गेलं होतं. झालं. मामा रुसले. लग्नाला आले, पण मांडवात बसले नाहीत. मंगलाष्टकं झाली तरी हाताची घडी सुटली नाही. सगळे विनवून थकले. मामांनी अन्नाच्या कणाला शिवणार नाही असं जाहीर केलं आणि ते पाळलंही, हे साऱ्या चौलला माहीत होतं. मामींनी तर नवरा उपाशी म्हणून स्वतःही घास घेतला नाही. त्यांचं केवढं कौतुक झालं.

मी त्या लग्नाचं शूटिंग केलं होतं. मामांचं नव्हे, पण मामा कुठं ना कुठं फ्रेमच्या कोपऱ्यात होतेच. नंदाला ते सापडले. तिनं दिवसभराचं सगळं शूटिंग चाळलं आणि मला हाक मारली. "दादा, हा मानूस हलतोय!"

खरंच हलत होता. सकाळी मामा फाटकाजवळ जनरेटरशेजारी खुर्ची टाकून रुसले होते. मग टेम्पोच्या सावलीत रुसले. मग नळाजवळ. मग मांडवाच्या मागच्या खांबाला टेकून. एकूण सात ठिकाणी ते रुसले होते आणि प्रत्येक वेळी त्यांची खुर्ची जेवणाच्या काउंटरच्या दहा पावलं जवळ आलेली होती. सातव्या ठिकाणी मामा काउंटरकडे पाठ करून ताठ उभे, चेहरा अपमानानं दगडासारखा झालेला. आणि पाठीमागे नेलेल्या हातात आचारी जिलेबी ठेवत होता. एक. मग दुसरी. मामा समुद्राकडे बघत चावत होते.

नंदानं याची अकरा मिनिटांची फिल्म केली. आमच्या दोघांपुरती. एका पेनड्राइव्हमध्ये ही, दुसऱ्यात लग्नाचा खरा व्हिडिओ; दोन्ही पेनड्राइव्ह लाल. सत्यनारायणाच्या पूजेच्या दिवशी यजमानांचा माणूस व्हिडिओ न्यायला आला आणि मी त्याला एक लाल पेनड्राइव्ह दिला. अर्ध्या तासानं दुसरा कॉम्प्युटरला लावला तर पडद्यावर नवरी कमळातून उमलली.

यजमानांचं घर नागावला. मी स्कूटर काढली. नंदा मागे बसली. नागावचा रस्ता, मी जेवढी पळवता येईल तेवढी पळवत होतो आणि मागून ही सांगतेय, "दादा, हळू चालवा. अकरा मिनिटांचीच हाय. आपण पोचेपर्यंत संपून जाईल."

"संपू नये म्हणून तर चाललोय!"

पोचलो तेव्हा ओटीवर तीस-चाळीस चपला होत्या आणि आत चिटपाखरू नसल्यासारखी शांतता. खिडकीतून पाहिलं. टीव्हीला हार घातलेला, समोर सगळं गोत बसलेलं, मधोमध खुर्चीत दामूमामा. पडद्यावर पाचवं ठिकाण चालू होतं. मी आत घुसणार, तेवढ्यात नंदानं माझी बाही धरली.

"थांबा ना. जिलेबी येतेय."

जिलेबी आली. आणि त्या शांततेत मामींचा आवाज उठला.

"म्हणजे तुम्ही जेवला होतात? आणि मी तुमच्यापायी रात्रीपर्यंत पाण्यावर राहिले?"

मामांनी मामींकडे पाहिलं. मग पडद्याकडे. मग त्यांचं पोट हलायला लागलं. आधी मला वाटलं, रडतायत. मग त्यांच्या तोंडातून एसटीची शिट्टी फुटावी तसा आवाज आला आणि मामा हसत हसत खुर्चीवरून घसरले. पाठोपाठ सगळं घर. मामी तेवढ्या हसत नव्हत्या. त्या आणखी दोन दिवस हसल्या नाहीत. मामा डोळे पुसत ओरडले, "मागं घे रे. तो जिलेबीचा भाग परत लाव!" तो भाग त्या दुपारी नऊ वेळा लावला गेला. धाकट्या मामानं उठून मोठ्या मामांच्या पाया पडून माफी मागितली, पण ती कुणाला ऐकू गेली नाही.

कमळाची फिल्म आजतागायत कुणी मागायला आलेलं नाही. उलट पुढच्या लग्नसराईत लोक येऊन विचारायचे, "आमच्यात तसं कोन रुसनारं न्हाय हो. पन तुम्ही सांगाल तर कुणाला तरी रुसवतो."

या फिल्मचा बोभाटा अलिबागच्या एका केबलवाल्यापर्यंत गेला. त्याच्या स्थानिक चॅनेलवर रविवारी दुपारी अर्धा तास मोकळा असायचा. त्यात एका साडीच्या दुकानाची जाहिरात पुन्हा पुन्हा लागायची. त्यानं तो अर्धा तास नंदाला दिला. माझा कॅमेरा, माझा स्टुडिओ, माझी स्कूटर, आणि डोकं तिचं. नट कुठून आणायचे हा प्रश्न होता. एका सकाळी ती बाजारात बांगडे आणायला गेली, तासाभरानं रिकाम्या हातानं आली आणि मोठ्यानं म्हणाली, "दादा, मना बाई गावली!"

ती हिराबाई. रेवदंड्याच्या मासळीबाजारात तिसऱ्या ओट्यावर बसणारी कोळीण, पन्नाशीची. बांगड्यांवरून या दोघींचं तासभर भांडण चाललं होतं. बांगडे बाजूला राहिले, दोघींना भांडणाचीच चव लागली. हिराबाईला लिहिलेलं वाचता येत नव्हतं; नंदा तिला फक्त काय घडलंय ते सांगायची आणि कॅमेरा चालू करायची.

त्या कार्यक्रमाचा एक भाग पाहुण्यांवर होता. आमच्या भागात शनिवार-रविवार मुंबई-पनवेलचे नातेवाईक 'सहज' येतात. सहज येतात ते बरोबर जेवायच्या वेळेला, आणि जाताना वाळवलेली सुकट घेऊन जातात. भागात दाखवलं होतं, की गाडीचा हॉर्न वाजताच घरातली सगळी माणसं पलंगाखाली लपतात, आणि तिथं आधीपासून लपलेला शेजारी त्यांना सापडतो, कारण त्याच्याकडेही पाहुणे आलेले असतात. मावशीच्याच घरात शूटिंग केलं होतं. लोकांनी पोट धरलं.

पण पुढच्या रविवारी मावशीकडे कुणी आलं नाही. त्याच्या पुढच्याही. पनवेलची नणंद नाही, उलव्याचा भाचा नाही. तिसऱ्या रविवारी मावशी स्टुडिओत येऊन बाकावर बसली. हातात जेवणाचा डबा.

"आठ मानसांचा कालवन केलंय. सवयीनं. आता खा दोगं."

आम्ही डबा उघडला. खाताना मी तिच्याकडे पाहिलं, तर तिचे डोळे भरले होते. तिखटानं असेल असं मी स्वतःला सांगितलं. पुढच्या कार्यक्रमाच्या शेवटी ती स्वतः पहिल्यांदा आणि एकदाच कॅमेऱ्यासमोर आली, हात जोडले आणि म्हणाली, "आमच्या मावशीनं पलंग विकलाय. घरात लपायला जागा नाही. सगळ्यांनी यावं." त्या रविवारी चाळीस माणसं आली. त्यातली निम्मी नात्यातली नव्हती. मावशी दिवसभर नंदाच्या नावानं शंख करत होती आणि भाकऱ्या थापत होती.

मुंबईच्या एका चॅनेलचे कार्यक्रम-प्रमुख आमच्याकडे सुट्टीच्या बंगल्यावर यायचे. त्यांनी हा भाग पाहिला आणि नंदाला बोलावून घेतलं. दत्ताशेठना हे कळलं तेव्हा ते दोन दिवस गावभर सांगत फिरले, "पोरगी टीव्हीत लागली."

"कनचा पार्ट हाय?"

"पार्ट न्हाय. दिसत न्हाय ती."

"मंग टीव्हीत कशी?"

तिसऱ्या दिवसापासून त्यांनी सांगणं बंद केलं आणि बंदराचा अर्ज पुन्हा खिशात घालून ठेवला.

ठाण्याच्या बाजूला, गोदामांच्या वस्तीत चॅनेलचा स्टुडिओ होता. पहिलं वर्ष नंदाचं काम एकच: लेखकांकडून वेळेवर लिखाण मिळवणं. तिथं तिची ती वही उपयोगी पडली. लेखक फोनवर कारण सांगायला लागला की ती शांतपणे म्हणायची, "हा मोराचा प्रकार आहे. संध्याकाळी पाचपर्यंत पाठवा." सहा महिन्यांत लेखक तिला घाबरायला लागले आणि वर्षभरात तिच्याकडे एक भाग स्वतंत्रपणे आला. त्यात एक कोळीण हवी होती. एका नटीला मेकअप करून उभं करणार होते. नंदा म्हणाली, माझ्याकडे खरी आहे.

हिराबाईला सोबत म्हणून मी गेलो. हिराबाई ठेवणीतलं लुगडं नेसून, सगळे दागिने घालून निघाली होती. रस्ताभर नुसती अंगावरचे दागिने चाचपत होती, इतकी घाबरलेली. तिथं पोचलो तर कळलं, की आदल्या दिवशी प्रमुखांनी लिखाण बदललंय. एका मोठ्या सोसायटीची लिफ्ट. त्यात कोळीण टोपली घेऊन शिरते. लोक नाक धरतात, सेंट फवारतात, एकेका मजल्यावर पळून जातात. दिग्दर्शकाच्या मदतनिसानं ते हिराबाईला वाचून दाखवलं.

"म्हंजे मी काय करायचा?" तिनं विचारलं.

"काही नाही. तुम्ही फक्त उभं राहायचं. नाक ते धरतील."

"आनि हसनार कोन?"

"पब्लिक."

"कोनाला?"

मदतनिसानं कागद चाळले. मग पुन्हा पहिल्या पानापासून चाळले.

नंदा प्रमुखांकडे गेली. काचेच्या खोलीत पाच मिनिटं काय बोलणं झालं ते मला ऐकू आलं नाही. बाहेर आली तेव्हा चष्मा पुसत होती. प्रमुख म्हणाले होते, हशा तिथंच आहे, तो काढता येणार नाही. आणि हा तुझा पहिला भाग आहे, हे विसरू नकोस. ती हिराबाईजवळ खाली बसली.

"हिराबाई, बाजारात कुनी येऊन नाक धरलं, त तू काय करतंस?"

"धरू देते. मंग इचारते."

"मंग आज पन इचार."

रेकॉर्डिंग सुरू झालं. लिफ्ट आली, हिराबाई शिरली, चौघांनी नाकं धरली. समोरचे प्रेक्षक हसले. हिराबाईनं टोपली खाली ठेवली. आणि गप्प उभी राहिली. इतका वेळ गप्प राहिली की हसू विरलं, कुणीतरी खोकलं. मग ती पहिल्या नटाजवळ गेली आणि तापलेल्या पोराच्या तोंडातून थर्मामीटर काढावा तशी त्याच्या नाकावरची बोटं हळूच काढली.

"दादूस, रविवारी काय जेवलास?"

नट चांगला होता, पण या प्रश्नाचं उत्तर पाठ केलेलं नव्हतं. त्यानं खरं सांगून टाकलं. "सुरमई."

"कशी व्हती?"

"मस्त."

"ती काय मोगऱ्याच्या झारावर लागली व्हती?"

प्रेक्षकांतून हशाचा असा लोट आला की लिफ्टचा पुठ्ठ्याचा दरवाजा हलला. हिराबाई दुसऱ्याकडे वळली. तो घाईघाईनं म्हणाला, "मी व्हेज आहे." त्याच्या मागच्या नटीनं तिथल्या तिथं सांगितलं, "खोटं बोलतोय. काल माझ्या डब्यातली कोळंबी यानंच संपवली." आणि चौथ्यानं, त्याला कुणी काही विचारायच्या आतच, दोन्ही हात वर केले आणि कबुली दिली. "बोंबील!"

प्रमुखांचा आवाज नंदाच्या कानातल्या यंत्रात येत होता: थांबवा, परत घ्या, लिहिलंय तसं घ्या. ते सेटवरच्या लोकांना सांगणं हे तिचं काम. तिनं यंत्र कानातून काढलं आणि खुर्चीच्या दांड्याला अडकवून ठेवलं. मी तिच्याशेजारीच उभा होतो. त्या दांड्यातून साहेब बारीक आवाजात ओरडत होते.

दुपारी तिला उद्यापासून येऊ नकोस असं सांगण्यात आलं.

पेणच्या स्टँडवर आम्ही तिघं अलिबागच्या गाडीची वाट बघत बसलो. हिराबाई मुसमुसत होती. "माज्यामुलं तुजी नोकरी गेली, पोरी."

नंदा कुठंतरी बघत होती. म्हणाली, "चूक माझीच झाली."

"कनची?"

"चौथ्या मानसावर कॅमेरा उशिरा नेला. 'बोंबील' म्हनताना त्याचं तोंड अर्धंच दिसलं."

तीन आठवडे ती पुन्हा माझ्याकडे लग्नं कापत बसली. कामात लक्ष नव्हतं. एकदा तर तिनं नवरी कमळात बसवली आणि काही बोलली नाही. मला ते बघवेना, मीच त्या नवरीला कमळातून उठवली. एके दिवशी दत्ताशेठ मावशीच्या घरी आले; मीही तिथंच होतो. अर्ज आणला होता. आवाज न चढवता म्हणाले, "झाली ना हौस, बाय? आता सही कर." मुलीला हरलेलं बघून त्यांना आनंद झाला नव्हता, हे त्यांच्या तोंडावर दिसत होतं. नंदानं पेन घेतलं. मावशी म्हणाली, आधी जेवून घ्या, मग काय त्या सह्या करा. जेवण होईतो टीव्ही लावला, आणि त्याच वेळी तो भाग लागला. त्या आठवड्याचा दुसरा भाग तयार झाला नव्हता म्हणून चॅनेलनं नाइलाजानं हाच लावला होता.

दत्ताशेठ आधी नुसते बघत होते. बोंबलाला त्यांच्या हातातला घास ताटात पडला. हसता हसता त्यांना ठसका लागला, मावशीनं पाठीत बुक्क्या घातल्या. भाग संपला, नावं वर सरकायला लागली, तसे ते उठून टीव्हीला नाक लावून उभे राहिले. नावं संपली. ते तसेच उभे.

"नंदे. तुजा नाव कुठं हाय?"

"काढलं त्यांनी, बाबा."

दत्ताशेठनी अर्ज खिशात घातला आणि चपला घातल्या. आम्हाला वाटलं, रागावून गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी चॅनेलच्या स्टुडिओच्या फाटकासमोर चाळीस फुटी ट्रेलर आडवा उभा होता. दत्ताशेठ स्वतः चालवत आले होते. वॉचमननं हटकलं तर म्हणाले, गाडी वळवतोय. ते तीन तास वळवत होते. प्रमुखांची गाडी आत अडकली. शेवटी ते खाली आले, तेव्हा दत्ताशेठनी केबिनमधूनच सांगितलं, "भांडाया न्हाय आलो, साहेब. माज्या पोरीचा नाव लावा, मंग गाडी आपोआप वलंल."

त्याच सकाळी दुसरीकडे चॅनेलचे लोक हिराबाईला फोन करत होते. लोक तिला पुन्हा मागत होते. हिराबाईचं म्हणणं एकच: "नंदा असंल त येतंय. न्हायतर मना बाजार हाय."

नंदाला परत बोलावलं ते ट्रेलरमुळे की हिराबाईमुळे, यावर मतभेद आहेत. दत्ताशेठच्या मते ट्रेलरच. नंदा म्हणते, बाबांमुळे परत घेणं उलट दोन दिवस लांबलं. तिला मी कधी वडिलांच्या गळ्यात पडताना पाहिलं नाही. पण ट्रेलरचा हा किस्सा ती सांगते तेव्हा चष्मा काढते, आणि तो तिला लवकर सापडत नाही. पुढं दोन वर्षांनी तिचा स्वतःचा कार्यक्रम सुरू झाला. तो सगळ्यांना माहीत आहे, त्याबद्दल मी काय सांगू?

मागच्या हिवाळ्यात मी साळावला एका साखरपुड्याला चाललो होतो. खाडीच्या पुलावर गाड्या तुंबल्या होत्या. हॉर्नचा नुसता कल्लोळ. मी स्कूटर कडेनं पुढं काढली. पुलाच्या मधोमध एक जोडपं स्कूटीवर, स्कूटी रस्त्याला आडवी. बाई म्हणत होती, घरी गॅस चालू राहिलाय, मागं फिरवा. नवरा म्हणत होता, बंद केलास, माझ्यासमोर केलास. ती म्हणत होती, तो दुधाचा, मी वरणाचा म्हणतेय. त्यांच्यामागे एक पांढरी मोटार दार उघडं टाकून उभी, आणि खरा रस्ता अडला होता तो त्या मोटारीनं. मोटारीची मालकीण दहा पावलांवर कठड्याला टेकून, हाताची घडी घालून, त्या दोघांचं ऐकत होती. नंदा.

मागच्या टेम्पोवाल्यानं हॉर्न दाबून धरला. ती वळली आणि त्याला ओठांवर बोट ठेवून दाखवलं. टेम्पोवाला गप्प झाला. का झाला, त्यालाही कळलं नसेल.

शेवटी बाई जिंकली. नवऱ्यानं कपाळाला हात लावला, स्कूटी वळवली आणि दोघं रेवदंड्याकडे निघाली. मी हाक मारणार होतो, पण नंदाचं लक्षच नव्हतं. ती त्या स्कूटीमागे धावत सुटली होती. ओढणी खांद्यावरून सुटलेली, एका हातात फोन.

"अहो ताई! ओ ताई! नंबर द्या तुमचा! चालू व्हता का बंद व्हता, ता मना कलवा!"

पुलाच्या टोकाला स्कूटी थांबली. ती दोघं आणि ही, तिघंही मान खाली घालून फोनवर काहीतरी टिपत होती. आणि दोन्ही बाजूंच्या गाड्या, कसलाही आवाज न करता, उभ्या होत्या.